पार्श्वध्वनी

मनामात, गालिच्यांच्या दुकानावर
खिडकी नसलेली माझी खोली.
आधी साताऱ्यात लग्नाच्या कॅसेटी जोडायचो;
इथे एकोणीस वर्षं
किल्ले कापतो, विहिरी कापतो,
मोत्यांच्या सावकारांची घरं कापतो.
बहुतेक ठिकाणी गेलेलो नाही.
पण बाहलाच्या कुठल्या बुरुजावर
ऊन किती वाजता चढतं, ते विचारा.

या खेपेला मुहर्रकमधलं एक घर,
समुद्रातून काढलेल्या प्रवाळाच्या भिंतींचं.
उंबऱ्यावर बसून बू राशिद सांगतो
बाप पाण्यात कसा उतरायचा:
नाकाला चिमटा, पायाला दगड.
आणि मधेच थांबतो.
अकरा सेकंद.
फौजिया म्हणते, काप, सव्वीस मिनिटांत बसवायचंय.
मी नऊ कापली, दोन ठेवली.
बापाचा दम मोजत असावा बहुतेक.

मग सांधे बुजवायला
त्या अंगणाची नुसती शांतता हवी होती.
प्रत्येक जागेची एक मिनिट घेऊन ठेवतात,
ठिगळासाठी कापड ठेवावं तशी.
कानाला लावली.
कबुतरं. लांब कुठेतरी एसीची घरघर.
आणि भिंतीपलीकडून कुणीतरी:
“पानी कमी घाल रे, चुना पलतंय!”

पाण्याचं पानी, पळतंयचं पलतंय.
म्हणजे बाणकोट खाडीच्या आसपासचा.
एक्केचाळीस तासांचं चित्रण उलटंपालटं केलं.
मजूर जेवायला गेले की मगच कॅमेरा लागायचा;
सापडलं ते एक कोपर,
बादलीची कड,
आणि चार फ्रेमपुरता
ओल्या गिलाव्यावर पंजा,
वाळत आलेला.

निवेदक भरल्या आवाजात म्हणतो,
हे घर दोनशे वर्षं उभं आहे.
आहे खरं.
कुणी उभं ठेवलंय, ते वाक्य संहितेत नाही,
आणि संहिता माझी नाही.

माझ्या हातात आवाजाची एक पट्टी होती फक्त.
ऊदच्या सुरांखाली ते बोलणं सरकवलं,
इतकं हळू
की ज्याला ती भाषा येते
त्यालाच मान वळवावीशी वाटेल.
फौजियाने तीनदा पाहिलं.
म्हणाली, कबुतरं छान लागलीत.
मी हो म्हटलं.

शुक्रवारी बस धरून
पहिल्यांदाच त्या घरी गेलो.
भिंत कोरडी, पांढरी, एकसारखी.
पंजा कुठल्या बाजूला होता, ते मला माहीत होतं.
शेजारी पाटी, दोन भाषांत:
हात लावू नये.