न कापलेलं लेबल

पहाटे साडेपाचला सुहुयिनी येते,
डोक्यावर पंचावन्न किलोंची गासडी,
मान ताठ, नजर जमिनीवर.
मी म्हणते, जरा हळू.
ती म्हणते, हळू चाललं की जड होतं.

आक्रा शहर, कान्तामान्तो बाजार, पत्र्याखालचा तिसरा गाळा.
इथे मी, देदेई लार्टे,
आंधळेपणानं माल घेते.
वर नुसतं लिहिलेलं असतं: बायकांचे कोट, मिश्र.
आत काय, ते कर्ज काढून झाल्यावर कळतं.
पट्टी तुटते आणि गासडी श्वास सोडते:
कुणाच्या तरी कपाटाचा,
लव्हेंडरचा, ओल्या कुत्र्याचा.

माझी मावशी याच गाळ्यावर बसायची.
तिच्या लेखी हे सगळे मेलेल्या गोऱ्यांचे कपडे.
एवढा धड सदरा
जिवंत माणूस टाकेलच कशाला?
गासडी फोडण्याआधी ती चूळभर पाणी ओतायची जमिनीवर,
समुद्रापलीकडच्या त्या अनोळखी मयतासाठी.

मी पाणी ओतत नाही.
तेवीस वर्षं खिसे चाचपून कळलंय,
कुणी मेलेलं नाही.
कंटाळलेत फक्त.

खिशात सापडतं ते असं:
बसचं तिकीट, चॉकलेटची चांदी,
एका मोज्याची जोडी नसलेली बाजू,
आणि एकदा एक चिठ्ठी:
दूध. मेणबत्त्या. बल्ब.
स्वतःसाठी काहीतरी.
पहिल्या तिन्हींवर काट मारलेली.
चौथी तशीच.
मी तो कोट उलटसुलट करून पाहिला,
हेच का ते काहीतरी?

जानेवारीत केलेले व्यायामाचे निश्चय
माझ्याकडे मेमध्ये पोचतात, घडी न मोडलेले.
नव्याचे नऊ दिवस म्हणावं,
तर कित्येकांना पहिलासुद्धा मिळालेला नसतो.
पूर्वी कापड धुऊन धुऊन विरायचं,
आता नुसतं बोटांत धरलं तरी पलीकडचा उजेड दिसतो.

गेल्या वर्षी एक साहेब आले, गळ्यात ओळखपत्र, हातात टॅब.
ग्राहक निवड कशी करतो, बाई?
मी विचारलं, कुठला ग्राहक?
माझा शिवण उलटी करून बघतो,
काखेत नाक खुपसतो,
चेन तीनदा वरखाली करतो,
निघून जायचं नाटक करतो, कोपऱ्यावरून परत येतो.
आणि तुमच्याकडचा...
त्याला मी कधी पाहिलं नाही,
पण माझ्या मते तो बघतच नाही.
साहेबांनी ते टिपून घेतलं.
जाताना एक जाकीट घेतलं, घासाघीस न करता.

हे सगळं मी मोठ्या तोऱ्यात सांगते, पण
माझ्या घरी दाराच्या मागे एक कोट आहे.
लोकरीचा, शेवाळी, जाडजूड.
जादा बटणाची पुडी आतून टाचलेली,
बाहीला लेबल, किंमत छापलेली.
चार गिऱ्हाइकांनी मागितला. नाही दिला.
या गावात छत्री धरली तरी घाम येतो,
पण रविवारी रात्री मुलं झोपली की
मी तो घालते,
आरशासमोर दीड मिनिट उभी राहते,
जिथे बर्फ पडतो अशा कुठल्यातरी रस्त्यावर
माझी कुणीतरी वाट पाहत असल्यासारखी.

न खपलेला माल संध्याकाळी गाडीवर चढतो.
कुठे जातो ते मी विचारत नाही,
पण किनाऱ्यावर गेले की कळतं:
वाळूतून बाह्या वर येतात,
दोरखंडासारख्या पिळलेल्या,
ओढू गेलं तर संपतच नाहीत.

परवा सुहुयिनी घरी आली मजुरी न्यायला.
कोटाजवळ थबकली.
लेबल का कापलं नाहीस?
मी म्हटलं, कापलं की तो माझा होईल,
आणि माझा झाला की
मला दुसरा हवासा वाटेल.
ती हसली नाही.
लेबल उलटं करून आकडा वाचला,
एकेक अंक बोटानं धरून.
मग विचारलं,
म्हणजे किती गासड्या?

मी मनात हिशेब केला.
दोनदा केला.
आणि तिला म्हटलं, पाणी पितेस का?