मुभा

मालिंदीच्या कोर्टात मी दुभाष्या आहे, अकरा वर्षं.
इकडचं वाक्य उचलायचं, तिकडे ठेवायचं,
मध्ये सांडू द्यायचं नाही.

सिदी न्गालाची याचिका आज सतराव्या तारखेला बोर्डावर आली.
मिठागरवाल्यांनी समुद्र आत घेतला
आणि तिची विहीर खारी झाली,
म्हणणं एवढंच.
पण प्रतिवादी म्हणून जिचं नाव घातलं
ती कंपनी दोन वर्षांपूर्वीच विकली गेलेली,
आणि पाण्याच्या तपासणीचा सरकारी अहवाल
कुणाच्या तरी टेबलावर अजून वाळतोय.
वकील येरी उठले, झगा सावरला,
अर्ज मागे घेतो म्हणाले,
पुन्हा दाखल करण्याची मुभा राखून.
हरकत नाही, समोरचा म्हणाला, घड्याळ बघत.

चार मिनिटं.

बाहेर आल्यावर तिनं मला धरलं.
मागे घेतला म्हणजे हरलो?
नाही.
मग जिंकलो?
तसंही नाही.
मग त्यांनी दिलं ते काय?

मी आधी 'रुहुसा' म्हटलं.
पोरं वर्गातून लघवीला जाताना मागतात ती.
तिनं तोंड वाकडं केलं.
तेव्हा घाईत जिभेवर आला तो शब्द देऊन टाकला :
'उहुरू'.
स्वातंत्र्य.

सिदी हसली, भिंतीला टेकून, पोट धरून.
"एका विहिरीला एवढा मोठा उहुरू?
झेंडा चढला तेव्हा नऊ वर्षांची होते मी.
पटांगणात उकडलेला कसावा वाटला होता, पानावर.
तेव्हाही म्हणाले होते, आता तुम्ही मोकळे,
जमिनीचं नंतर बघू."

याचं भाषांतर मी केलं नाही.
कुणी मागितलंच नव्हतं.

मग ती कारकुनाच्या खिडकीशी गेली,
आपली बाटली मागायला. पुरावा क्रमांक तीन.
तो फडताळात बराच वेळ खुडबुडला.
बाटलीवरच्या चिठ्ठीची शाई उडालेली, झाकण सैल,
पाणी अर्ध्यावर आलेलं,
आत काचेला पांढरी कड.
अंगठा इथे, तो म्हणाला.
अंगठा उठवून, शाईचा तो पुसायच्या आधीच,
दुसऱ्या हाताचं बोट तिनं बाटलीत बुडवलं, चाखलं.
"अजून खारं झालंय," म्हणाली.
"तुमच्या कपाटात पुरावा वाढलाय."

कारकून माझ्याकडे बघत राहिला.
हे मात्र मी सांगितलं त्याला,
शब्दाला शब्द.

फाटकाशी मटाटू उभी होती, गोंगोनीची.
बाटली कांगाच्या पदरात गुंडाळून, मांडीशी धरून
ती खिडकीपाशी बसली.
"ह्या उहुरूला मुदत किती?"
मुभेला नाही, म्हटलं. दाव्याला असते.
ती थोडा वेळ गप्प.
"म्हणजे दार उघडं आहे
आणि बाहेर अंधार पडतोय."

गाडी सुटली.
हे वाक्य मी अजून कुठे ठेवलेलं नाही.