आडवा छेद

सूर्यफुलाचं खोड गाजराच्या खाचेत धरायचं,
ब्लेड ओलं ठेवायचं
आणि स्वतःकडे ओढायचं. ढकलायचं नाही.
उपासनी सर म्हणायचे, पगारे,
छेद असा हवा की खाली पेपर ठेवला तर वाचता यावा.
अठ्ठावीस वर्षं मी तसे छेद घेतले.
बोटांना सॅफ्रनिनचा लाल रंग,
बायको म्हणायची, लग्नाला जाताना तरी घासून या.

लाल झालं ते मेलेलं, सर पोरांना सांगायचे.
पाणी नेणाऱ्या नळ्या
मेल्यावरच कामाला लागतात.
मागच्या बाकावर कुणीतरी हसायचं.

त्या लालच्या कडेला एक रेघ असते,
केसाएवढी, रंग नीट न धरणारी.
सर तिला कॅम्बियम म्हणत,
मी ओली रेघ म्हणतो.
आतल्या अंगाला लाकूड टाकते, बाहेर साल,
आपण मधे राहते
आणि वर्षाला थोडी थोडी बाहेर सरकते.
मक्यात ती नसते.
मका जन्मभर तेवढाच.

रस्ता रुंद करायला काढला
तेव्हा कॉलेजच्या कुंपणातला निंब गेला.
मी रिटायर झालो होतो, तरी वखारीत फोन केला,
लॅबसाठी बुंध्याची एक चकती ठेवा म्हणून.

पेठ रोडला पोचलो तर वेलजीभाई गाल फुगवून बसलेले.
तुमच्या चकतीपायी करवतीचा पट्टा तुटला, पगारे.
कुण्या शहाण्याने झाडात खिळा ठोकलेला!

चकती भिंतीला टेकवून ठेवली होती.
खिळा आत आडवा पडलेला,
टोक गाभ्याकडे, डोकं सालीकडे,
अर्धा कापलेला, चकाकत.
मी घेतला असता तर इतका नीट छेद जमला नसता.
भोवतीचं लाकूड निळंकाळं,
दौत सांडावी तसं.
मानेत जरा वाकडा.
वाकडाच असणार.
हातोडी नव्हती, दगडाने ठोकला होता.

नवा लागलो होतो. डब्याला जागा नव्हती,
खाली ठेवला की मुंग्या.
छातीच्या उंचीवर खिळा मारला, पिशवी अडकवली,
आणि दुसऱ्या दिवशी धास्ती पडली,
झाड वाढेल तसा डबा वर जाईल,
मग शिडी कुठून आणू?
सर हसले नाहीत.
म्हणाले, झाड उंच होतं ते शेंड्याला.
बुंध्यात जे आहे ते तिथंच राहतं.

राहिला.
आधी मान बुडाली, मग डोकं,
सालीवर बेंबीएवढी खूण उरली,
मग तीही गेली.
तोवर मला कपाट मिळालं होतं.

उकिडवा बसून मी डोक्यापासून सालीपर्यंत मोजायला लागलो.
निंबाची वलयं सागासारखी सरळ बोलत नाहीत,
कुठे एकाची दोन वाटतात, कुठे एकही नाही.
एक अगदी बारीक,
बहुतेक रामकुंड कोरडं पडलं त्या साली.
त्याच्या आतलं चांगलं बोटभर.
पहिल्यांदा एकोणीस भरली, दुसऱ्यांदा बावीस.
सर कुठल्या वलयात गेले
ते काही सापडलं नाही.

सालीच्या आत नख घातलं.
अजून बुळबुळीत होतं.

मग सांगितलं वेलजीभाईंना,
शहाणा मीच.
त्यांनी चष्मा वर केला, माझ्याकडे पाहिलं, खिळ्याकडे पाहिलं.
पट्ट्याचे पैसे पुढे केले, त्यांनी अर्धे घेतले,
चहा सांगितला,
आणि खिळा काढून देऊ का म्हणून
पकड घेऊन स्वतः बसले.

चहा आला, निवला.
खिळा काही निघाला नाही.