विटेएवढी जागा

मोजणीवाला पोरगा बूट बाहेर काढून आत आला.
हातातल्या काडेपेटीएवढ्या यंत्रातून
लाल ठिपका निघाला, फडताळावरून, कॅलेंडरवरून फिरत
समोरच्या भिंतीला चिकटला.
"तीन मीटर दहा."
म्हटलं, पुन्हा बघ बाबा,
एकतीस वर्षं पाय आखडून झोपलेय मी तिथं.

गॅलरी त्याने धरलीच नाही.
ग्रिल आमचं, फरशी आमची,
कांदा-बटाटा मार्केटात ह्यांच्या पाठीवरून
गेलेल्या गोण्यांची.
नकाशात तिथं हवा आहे म्हणे.

ओट्याच्या वर एक वीट सैल आहे.
भिंत पाझरायची. सिडकोला तीन अर्ज दिले.
मग ह्यांनीच पोपडे खरवडले, तर वीट हातात आली
आणि पलीकडे हमीदा, कोपरापर्यंत पिठात.
बुजवू म्हणून ठेवली, ती ठेवलीच.

किल्ल्या गेल्या त्यातून. क्रोसिन, कढीपत्ता.
हे गेले त्या रात्री नुसता हात आला तिचा,
पहाटेपर्यंत होता.
आणि विरजण.
कधी माझं नासायचं, कधी तिचं.
आता दोन्ही घरांत दही एकच,
ते मूळचं कुणाचं यावर अजून भांडतो.

ठिपका विटेवर थांबला.
"ही भिंत कॉमन ना, आजी?"
हो. कॉमन.
त्याने काहीतरी लिहून घेतलं.

सभेत हात आम्हीही वर केलाय, दोघींनी.
स्लॅबच्या सळया दिसतात,
देशमान्यांच्या सुनेच्या ताटात प्लास्टर पडलं,
नाही कोण म्हणणार?
नव्या इमारतीत मी चौदाव्यावर, ती एकोणिसाव्यावर.
तोवर मी कामोठ्याला भाड्याने, ती उलव्याला.
"तीनच वर्षं," सेक्रेटरी म्हणतो,
गॅसचा नंबर लावल्यासारखं.

सामान टेम्पोत चढलं.
दोन्ही दारं सताड उघडी,
तरी हमीदाने वाटी भोकातूनच दिली,
वर फडकं, दोऱ्याने बांधलेलं.
"हलवू नको गं."
वीट मी परत बसवली. का, कुणास ठाऊक.

उरण फाट्याच्या वळणावर ड्रायव्हरला म्हटलं, हळू घे.
"काचेचं आहे का काही, मावशी?"
नाही रे.
दही लागायचंय अजून.