मानशीपाशी, चोडण

शाळेत अकरा मुलं, दोन खोल्या, एक मी.
भिंतीवरच्या नकाशात मांडवी बोटभर निळी.
जॉयसन तिथे कधी बोट ठेवायचा नाही,
हजेरीलाही नुसती भुवई उचलायचा.

सोमवारी फळ्याचा रंग ओला होता
(खरं कारण एवढंच)
म्हणून सगळ्यांना खाजनाच्या बांधावर नेलं.
भरती चढत होती, मानशीची लाकडी दारं
मिटत होती, आणि जवळपास माणूस नव्हता.
कोण लोटतं, मी विचारलं.
जॉयसन बोलला. जूनपासून पहिल्यांदा.
"कोण ना, टीचर. उदकूच."

मराठीच्या पुस्तकात मानस म्हणजे मन.
इथे मानस म्हणजे दार.
हे मुलांना आधीपासून ठाऊक,
मलाच उशिरा कळलं.

मंगळवारी वर्गात कुणी बसेना.
सोमवारची वेळ नऊ वीस, चिऱ्यावर खडूने लिहिलेली,
ती पाण्याने खाल्ली होती.
मग कोळसा. मग खिळ्याने ओरखडा.
दारं रोज उशिरा मिटायची,
जवळजवळ एका तासिकेने.
तन्वेश म्हणाला, पाणी रात्री जागतं,
सकाळी त्याला उठवत नाही.
विश्रांती म्हणाली, टीचर, तुमचं घड्याळ पुढे धावतं.
माझ्या तोंडात अख्खा चंद्र होता
पेपरमिंटच्या गोळीसारखा.
तो मी चावला नाही, थुंकलाही नाही.
सोळा वर्षांच्या नोकरीत
याहून अवघड काम केलेलं आठवत नाही.

गुरुवारी फेरीबोटीतून साहेब आले.
पाठ-टाचण उघडलं. विषय? भूगोल असावा.
उद्दिष्ट? मी बांधाकडे बोट दाखवलं.
साध्य? रकाना कोरा.
साहेबांच्या बुटाला चिखल लागला होता,
त्यांनी तो गवताला पुसला
आणि सही केली, थोडी तिरकी.

शुक्रवारी विश्रांती घरून कॅलेंडर घेऊन आली,
खिळ्यासकट.
तिचा बाप मानशीची मासळी पावणीत घेतो,
प्रत्येक तिथीखाली त्याची पेन्सिल:
किती वाजता दार, किती वाजता जाळं.
अकरा डोकी त्यावर वाकली.
तन्वेशने सगळ्यांआधी वर पाहिलं.
तो होताच तिथे, भर सकाळी,
अर्धा, विटक्या बनियनच्या रंगाचा.
कुणी ओरडलं नाही. मला वाटलं होतं ओरडतील.
गोळी तेव्हा कधीतरी विरघळून गेली.

बारा चाळीस, पेन्सिल म्हणत होती.
दारं मिटली बारा पस्तीसला.
पाच मिनिटं गेली कुठे?
वारा, म्हणाली विश्रांती. बापाची चूक, म्हणाला तन्वेश,
आणि दोघांची जुंपली.
मला खरंच माहीत नव्हतं. तसं सांगितलं.
ती माझ्याकडे अशी बघत राहिली
जशी मी आत्ताच त्यांच्या वर्गात नाव घातलंय.

शाळा सुटायची वेळ टळली होती.
जॉयसन पालथा पडून
दाराच्या ओल्या फळीला कान लावून होता.
मी नाव घेतलं.
त्याने मान न वळवता हात वर केला:
"मातशें रावात, टीचर."
मी थांबले.