पिशवीचं वजन

रात्री पावणेबाराला शटर वाजलं.
हवालदार म्हणाला, शेट, काटा द्या,
आणि तुम्हीही चला, एक पंच कमी पडतोय.
मी मिरच्या तोलायचा काटा काखेत मारला.
पायात एक चप्पल माझी, एक बायकोची.

मांद्र्याच्या किनाऱ्यावर, शॅकच्या मागे,
बर्फाच्या खोक्याला टेकून गजेश बसला होता.
ॲप्रनवर कालवणाचा डाग.
त्याला विचारलं, झडती मोठ्या अधिकाऱ्यासमोर हवी का?
तो म्हणाला, तुमकां जाय तें करात.
पंचनाम्यात ते असं उतरलं:
हक्क समजावून सांगितला, आरोपीने नकार दिला.

काटा वाळूत ठरेना.
कुणीतरी खाली मेन्यूकार्ड सारलं.
एक हजार बारा.
पिशवी काळी, जाड, दोन गाठींची,
मासळीवाल्या देतात तसली.
मी विचारलं, साहेब, पिशवी?
साहेब म्हणाले, ती पण मुद्देमालच.
मी सही केली. पंच क्रमांक दोन.

मला तेव्हा ठाऊक नव्हतं
की चरसच्या हजार ग्रॅमच्या अलीकडे एक कायदा राहतो
आणि पलीकडे दुसरा, ज्याच्या दाराला कडी आतून नाही.
घरी आलो, तसलीच पिशवी शोधली,
तीनदा तोलली.
चौदा.

म्हापशाच्या कोर्टात वकीलबाई लुर्दिना म्हणाल्या,
पिशवी वजा करा, सदोतीस कलम लागतच नाही.
सरकारी वकील म्हणाले, वजाबाकी खटल्यात होईल.
न्यायाधीशांनी चष्मा पुसला. वाईट माणूस नव्हता.
कायदा त्याला सांगत होता,
साक्षीपुरावा व्हायच्या आधीच मान
की हा दोषी नसावा,
आणि हेही मान की बाहेर गेला तर पुन्हा करणार नाही.
दुसऱ्याच्या मुलाविषयी, उद्याविषयी,
इतकं कोण सांगू शकतं?
माझ्या मुलाविषयी मला सांगता येत नाही.
मी मागच्या बाकावर होतो, तोंडात चौदा ग्रॅम धरून.
साक्षीदाराची पाळी अजून आली नव्हती.
अर्ज नामंजूर.

अकरा महिने सत्यवती दर बुधवारी कोलवाळला गेली.
बसमधून उतरून चालत,
तुरुंगाच्या खिडकीशी नंबर लावून.
मग पर्वरीला वरच्या कोर्टात कागद निघाला:
दंडाधिकाऱ्यांसमोर माल पिशवी सोडून तोलला होता,
नऊशे शहाण्णव.
जामीन मंजूर.

अटी अशा:
पासपोर्ट जमा करावा (त्याच्याकडे कधी नव्हताच),
दर शुक्रवारी ठाण्यावर हजेरी,
गोव्याबाहेर जाऊ नये,
साक्षीदारांना भेटू नये, म्हणजे मला,
ज्याच्या दुकानातून तो लहानपणी
उधारीवर शेंगदाणे न्यायचा.
आणि एक लाखाचा जामीनदार, स्थानिक, मालमत्ता असलेला.

सत्यवतीचं घर आहे. तीन पिढ्यांचं.
पण जमीन भाटकाराची, ती मुंडकार,
एक-चौदाच्या उताऱ्यावर तिचं नाव नाही.
भाटकार लिस्बनला. फोन वाजतो, कुणी उचलत नाही.
दीर म्हणाला, माझ्या मुलीचं लग्न ठरतंय.

काल ती दुकानात आली.
शेट, दुकान तुमच्याच नांवार मूं?
म्हटलं, हो. पण बाय, मी सरकारी साक्षीदार.
जाणां, म्हणाली. अर्धा किलो साखर द्या.

मी रिकामी पिशवी काट्यावर ठेवली, बटण दाबलं,
शून्य आलं, मग साखर ओतली.
हात सवयीने करतो.
ती त्या आकड्याकडे बघत राहिली.
त्या रातीं हें बटण नाशिल्लें?

होतं.

तिने चोवीस रुपये मोजून बरणीवर ठेवले.
जामीन मिळून आज सव्वीस दिवस झाले.
गजेश कोलवाळलाच आहे.