उंबऱ्यावरून

खासदार बाईंचं कार्यालय नौपाड्यात, दाताच्या दवाखान्यावर.
खालून ड्रिलचा आवाज येत असतो
आणि वर आम्ही विधेयक लिहीत असतो.

खासगी विधेयक. म्हणजे शुक्रवारी दुपारी
अर्धे बाक घरी निघालेले असताना
मांडायचं, आणि सोमवारपर्यंत विसरायचं.
म्हणणं एवढंच :
गुप्तचर खात्याचा प्रमुख नेमण्याआधी
त्याला सभागृहाच्या समितीपुढे बसवा,
चार प्रश्न विचारा, मग शिक्का मारा.

"आबनावे, एकतीस वर्षं लोकांची पडताळणी केलीत तुम्ही,"
बाई म्हणाल्या, "प्रश्न तुम्हीच काढा.
बाहेरच्या देशांत कसं करतात, त्याची ही कात्रणं."

कात्रणं चाळली.
तिकडे माणूस हात वर करून शपथ घेतो,
मागच्या रांगेत बायको,
न उघडलेल्या छत्रीसारखी ताठ.
सभासद खोलात शिरले की तो म्हणतो,
याचं उत्तर बंद दाराआड देईन.
सगळे माना डोलावतात.
बंद दार आम्हालाही ठाऊक आहे.
आमच्याकडे उघडं दारच नव्हतं, एवढाच फरक.

पहिले अकरा प्रश्न हातासरशी उतरले :
शिक्षण, मालमत्ता, जावई काय करतो.
हे तर मी पासपोर्टवाल्यांनाही विचारत असे.
बाराव्याला तीन दिवस लागले.

    कोणाचं बोलणं ऐकायला तुम्ही नकार दिलात?
    त्या नकाराचा कागद कुठे आहे?

तेरावा लगेच सुचला.

    वरून हवा तसा अहवाल मागितला तेव्हा
    तुमच्या पेनातली शाई कधी संपली का?

बाई हसल्या. तेरावा खोडला, बारावा ठेवला.
चौदावा मी त्यांना दाखवलाच नाही.

    तुमच्या एका ओळीनं कोणाचं काय झालं
    हे बघायला कधी परत गेलात?

विटावा. सत्त्याऐंशी साल.
शिणगारे नावाचा पोरगा, बिनतारी खात्यात निवड झालेला.
बापाचं नाव दिघ्याच्या कारखान्यातल्या संपात.
मी चप्पल काढली नाही, उंबऱ्यावरूनच पाहिलं :
फळीवर लाल पुठ्ठ्याची पाच-सहा पुस्तकं.
आई स्टोव्हला पिन मारत होती, चहासाठी.
थांबलो नाही. बस होती.
लिहिलं : घरी लाल साहित्य आढळले. शिफारस नाही.

लाल पुठ्ठा भिशीच्या चोपड्यांनाही असतो.
हे कळायला मला निवृत्त होऊन
सोसायटीचा खजिनदार व्हावं लागलं.
भिशीच्याच होत्या, असंही म्हणत नाही मी.
मी उघडून पाहिलं नव्हतं, एवढंच म्हणतो.

आमचं विधेयक एकोणिसावं होतं.
सहाव्यालाच गणसंख्या भरेना.
घंटा वाजत राहिली, मग सभागृह उठलं.
"पुढच्या अधिवेशनात बघू," बाईंचा फोन.
त्याच संध्याकाळी नव्या प्रमुखांचं नाव आलं,
तीन ओळींचं पत्रक :
वय, केडर, रुजू होण्याची तारीख.
चांगलाही असेल माणूस. कोणी विचारलं नाही.

रविवारी विटाव्याला गेलो.
चाळ नव्हती. तेवीस मजले होते,
गेटवर कॅमेरा, आणि खुर्चीवर पोरसवदा पहारेकरी.
शिणगारे? आहेत की, चौदाव्यावर.
त्यानं वही सरकवली :
नाव. कुठून आलात. कोणाकडे. कशासाठी.
शेवटचा रकाना फार अरुंद होता.
मी पेन टेकवून ठेवलं
आणि पेन तिथेच टेकून राहिलं.
"बरं, राहू द्या काका," म्हणत त्यानं इंटरकॉम उचलला.
"साहेब, खाली आबनावे म्हणून कोणी आलेत.
ओळखता का?"

मग तो नुसताच हं, हं करत
माझ्याकडे बघत राहिला, पायांपासून वर.
पलीकडे कोणीतरी बरंच काही बोलत होतं.
मला ऐकू येत नव्हतं.